विश्लेषण : बीटल्सच्या सिंगलची एक बाजू मुंबईत वाजवली गेली, मग वादकांची नावं कुठे गेली?

लग्नसराई किंवा भीमजयंती जवळ आली की जालना, अंबड, परतूर, भोकरदन भागातल्या छोट्या स्टुडिओंत रात्री उशिरापर्यंत काम चालतं. गाणं तयार होतं, यूट्यूबवर चढतं, पोस्टरवर गायकाचा फोटो झळकतो. ढोलकी कोणी वाजवली, बासरी कोणाची, हे मात्र बऱ्याचदा कुठेच लिहिलेलं नसतं. ही अडचण फक्त आपल्याकडची नाही आणि आजचीही नाही. जगातल्या सर्वांत गाजलेल्या रॉक बँडच्या एका सिंगलमध्येही हेच झालं होतं, आणि त्या सिंगलची एक बाजू वाजवली गेली होती मुंबईत.

बँड होता बीटल्स, साल होतं १९६८ आणि गाणं होतं 'द इनर लाइट'. ते मुंबईत कसं तयार झालं, बाजारात कसं आलं आणि त्यातून आजच्या कलाकाराने काय घ्यावं, ते समजून घेऊ.

एका नजरेत

• जानेवारी १९६८ : मुंबईतल्या एचएमव्ही स्टुडिओत वाद्यांचं रेकॉर्डिंग
• ६ आणि ८ फेब्रुवारी १९६८ : लंडनमध्ये आवाजांचं रेकॉर्डिंग
• १५ मार्च १९६८ : ब्रिटनमध्ये सिंगल बाजारात
• १८ मार्च १९६८ : अमेरिकेत बाजारात
• २०१८ : वाद्यांची मूळ बाजू, आवाजाशिवाय, अधिकृतपणे प्रसिद्ध

'सिंगल' म्हणजे नेमकं काय?

आज 'सिंगल' म्हणजे एकटं सोडलेलं गाणं. तेव्हा सिंगल ही हातात धरता येणारी वस्तू होती. सात इंचाची तबकडी, मिनिटाला ४५ फेरे आणि दोन्ही बाजूंना एकेक गाणं. ज्या गाण्यावर कंपनीचा भरवसा असे ते 'ए' बाजूला, दुसरं 'बी' बाजूला. रेडिओवर वाजायचं ते 'ए' बाजूचं. 'बी' बाजू रेकॉर्ड विकत घेणाऱ्याला आपोआप मिळायची.

या सिंगलच्या 'ए' बाजूला पॉल मॅकार्टनीचं 'लेडी मॅडोना' होतं आणि 'बी' बाजूला जॉर्ज हॅरिसनचं 'द इनर लाइट'. हे बीटल्सचं ब्रिटनमधलं १७वं सिंगल. आधीच्या १६ सिंगल्सवर हॅरिसनने लिहिलेलं एकही गाणं नव्हतं. म्हणजे बँडमधला हा तिसरा गीतकार सिंगलच्या तबकडीवर पहिल्यांदा पोहोचला, तो मुंबईत वाजवलेल्या गाण्यामुळे.

हॅरिसन मुंबईत का आला?

हॅरिसनला मुंबई नवी नव्हती. सप्टेंबर १९६६ मध्ये तो पंडित रविशंकर यांच्याकडे सतार शिकायला इथे आला होता. ताजमहाल हॉटेलात खोटं नाव देऊन उतरला, तरी लोकांनी त्याला ओळखलंच.

जानेवारी १९६८ मध्ये तो आला ते वेगळ्या कामासाठी. 'वंडरवॉल' या इंग्रजी चित्रपटाचं पार्श्वसंगीत त्याच्याकडे होतं आणि त्यातला मोठा भाग त्याला भारतीय वादकांकडून वाजवून घ्यायचा होता. ७ जानेवारीला तो मुंबईत पोहोचला आणि ९ तारखेला काम सुरू झालं. रविशंकर यांचे शिष्य शंभू दास यांनी वादकांची जुळवाजुळव केली. चित्रपटाचं काम वेळेत उरकत आलं तेव्हा त्याच वादकांकडून हॅरिसनने आणखी काही चाली वाजवून घेतल्या. त्यातली एक पुढे 'द इनर लाइट' झाली.

थोडक्यात, हे गाणं ठरवून बीटल्ससाठी केलेलं रेकॉर्डिंग नव्हतं. स्टुडिओ हाताशी होता, वादक जमले होते, त्या संधीतून ते निघालं.

स्टुडिओ कसा होता?

फोर्ट भागात, सर फिरोजशहा मेहता रोडवर एचएमव्हीचा स्टुडिओ होता. हॅरिसनने पुढे सांगितलेल्या आठवणींनुसार स्टुडिओच्या खाली ऑफिसं होती आणि बाहेरचा आवाज रोखण्याची सोय नव्हती. रस्त्यावरून जाणाऱ्या टॅक्सीचा आवाज टेपवर यायचा. संध्याकाळी साडेपाचला ऑफिस सुटलं की जिन्यावरच्या पावलांमुळे रेकॉर्डिंग थांबवावं लागायचं.

दुसरी अडचण यंत्राची होती. लंडनच्या स्टुडिओत तेव्हा चार ट्रॅकवर काम चालायचं. म्हणजे एकाच टेपवर चार वेगवेगळे आवाज चार पट्ट्यांत साठवता यायचे आणि नंतर प्रत्येकाची पातळी कमी-जास्त करता यायची. मुंबईत तेवढीही सोय नव्हती. एचएमव्हीची भारतातली कंपनी कलकत्त्याची. तिथले अधिकारी भास्कर मेनन यांनी दोन ट्रॅकचं टेप रेकॉर्डर कलकत्त्याहून रेल्वेने मुंबईला आणवलं. हेच मेनन १९७१ मध्ये अमेरिकेतल्या कॅपिटल रेकॉर्ड्सचे प्रमुख झाले आणि १९७८ मध्ये ईएमआयच्या जगभरातल्या संगीत व्यवसायाचे.

ट्रॅक कमी असण्याचा अर्थ वादकांसाठी सरळ होता. आज एकाचा सूर चुकला तर तेवढाच तुकडा पुन्हा वाजवून जोडता येतो. तेव्हा सगळे एका खोलीत, एकाच वेळी वाजवत. एक चुकला की सगळ्यांनी पहिल्यापासून. कोणतं वाद्य पुढे आणि कोणतं मागे, हा तोलही वाजवतानाच साधावा लागे. टेपवर जे उमटलं ते जवळजवळ कायमचं.

वाजवलं कोणी?

'द इनर लाइट'मध्ये गिटार नाही, ड्रमसेट नाही. बीटल्सपैकी कोणीही यात वाद्य वाजवलेलं नाही. ऐकू येतात ती सगळी आपल्या ओळखीची वाद्यं : सरोद, बासरी, पखवाज, हार्मोनियम.

सरोदावर होते आशिष खाँ. उस्ताद अली अकबर खाँ यांचे चिरंजीव, बाबा अल्लाउद्दीन खाँ यांचे नातू, वय तेव्हा २८. बासरीवर हरिप्रसाद चौरसिया, पखवाजावर महापुरुष मिश्र, हार्मोनियमवर रिजराम देसाड. त्याच आठवड्यातल्या 'वंडरवॉल'च्या कामात संतूरवर शिवकुमार शर्मा होते. बासरीसाठी एस. आर. केंकरे आणि तारशहनाईसाठी विनायक व्होरा यांचाही त्या कामात सहभाग होता.

हे वादक हौशी नव्हते. चौरसिया आणि शर्मा यांचा, ब्रिजभूषण काब्रा यांच्यासोबतचा 'कॉल ऑफ द व्हॅली' हा अल्बम १९६७ मध्येच आला होता. पुढे याच दोघांनी 'शिव-हरी' या नावाने 'सिलसिला'ला संगीत दिलं. मुंबईच्या स्टुडिओंत दिवसाला कामं करणारे, चाल एकदा ऐकली की उचलणारे हे लोक. हॅरिसनला भारतीय संगीताची ओढ होती, पण त्याची ओढ गाण्यात उतरली ती या वादकांच्या हातांतून.

शब्द कुठून आले?

चाल मुंबईत बांधली गेली, शब्द मात्र चीनमधल्या एका जुन्या ग्रंथातून आले. हुआन मास्कारो हे मूळचे स्पेनचे, केंब्रिजमध्ये शिकवणारे संस्कृतचे अभ्यासक. भगवद्गीतेचं त्यांनी केलेलं इंग्रजी भाषांतर १९६२ मध्ये पेंग्विनने छापलं होतं. १९६७ च्या अखेरीस त्यांनी हॅरिसनला पत्र लिहिलं, सोबत जगभरातल्या धर्मग्रंथांतल्या वेच्यांचं आपलं 'लॅम्प्स ऑफ फायर' हे पुस्तक पाठवलं आणि लाओत्से यांच्या 'ताओ ते चिंग'मधल्या एका भागाला चाल लावून पाहा, असं सुचवलं. तो भाग ४७वा. आशय असा, की जग जाणून घ्यायला घराबाहेर पडायलाच हवं असं नाही. जितकं दूर जावं, तितकं कळणं कमी होत जातं.

वारीच्या आणि अभंगांच्या प्रदेशात हा विचार कोणाला परका वाटणार नाही. हॅरिसनने १९८० मधल्या आपल्या पुस्तकात मास्कारो यांचं ऋण मान्य केलं.

लंडनमध्ये काय झालं?

६ फेब्रुवारीला लंडनमधल्या ईएमआयच्या ॲबी रोडवरच्या स्टुडिओत मुंबईची टेप चार ट्रॅकच्या टेपवर उतरवली गेली. मोकळ्या राहिलेल्या ट्रॅकवर हॅरिसनचा आवाज भरायचा होता. आधीच्या रेकॉर्डिंगवर नंतर नवा आवाज चढवण्याच्या या पद्धतीला ओव्हरडब म्हणतात.

इथे एक अडचण आली. वाद्यांची पट्टी मुंबईत ठरून गेली होती आणि ती हॅरिसनच्या आवाजाला चढी होती. तो गायला कचरत होता. मॅकार्टनी आणि जॉन लेनन यांनी त्याला धीर दिला. ८ फेब्रुवारीला या दोघांनी शेवटच्या ओळींना साथीचे आवाज दिले. बीटल्सचे बाकीचे सदस्य गाण्यात आहेत ते एवढ्यापुरतेच.

सिंगलसाठी लेनन यांचं 'ॲक्रॉस द युनिव्हर्स' हेही स्पर्धेत होतं. पण त्याच्या रेकॉर्डिंगवर लेनन स्वतःच खूश नव्हते. म्हणून 'बी' बाजू हॅरिसनला मिळाली. फेब्रुवारीच्या मध्यावर हॅरिसन आणि लेनन ऋषिकेशला महर्षी महेश योगींच्या आश्रमात गेले, त्यांच्या मागोमाग बाकीचे दोघे. आपण भारतात असताना बाजारात काहीतरी नवं असावं, हा या सिंगलमागचा व्यवहार होता.

सिंगल किती चाललं?

'लेडी मॅडोना' ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं, अमेरिकेत बिलबोर्डच्या यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत. अमेरिकेत 'बी' बाजूचं गाणंही यादीत स्वतंत्रपणे येऊ शकत असे. 'द इनर लाइट' तिथे एका आठवड्यासाठी ९६व्या क्रमांकावर आलं. आकडा लहान आहे, पण मुंबईतल्या स्टुडिओत सरोद-पखवाजावर वाजलेलं गाणं अमेरिकेच्या पहिल्या शंभरांत होतं, हेही खरं.

त्यानंतर गाणं बरीच वर्षं मागे पडलं. 'बी' बाजू कोणत्याही नव्या अल्बममध्ये नव्हती. सुटी रेकॉर्ड ज्याच्याकडे त्याच्याकडेच ते गाणं. १९८८ च्या 'पास्ट मास्टर्स' या संग्रहामुळे ते सगळ्यांच्या हाती आलं.

मग नावं कुठे गेली?

तबकडीच्या मधल्या गोल कागदावर, म्हणजे लेबलवर, गाण्याचं नाव होतं, रचनाकार म्हणून हॅरिसनचं नाव होतं आणि कलाकार म्हणून 'द बीटल्स'. ज्यांनी गाण्यातलं प्रत्येक वाद्य वाजवलं, त्यांच्यापैकी एकाचंही नाव नव्हतं.

यात हॅरिसनला खलनायक ठरवायचं कारण नाही. तेव्हा सगळीकडे तीच रीत होती. आपल्या हिंदी-मराठी चित्रपटगीतांच्या रेकॉर्डवरही वादकांची नावं नसत. शिवाय नोव्हेंबर १९६८ मध्ये 'वंडरवॉल म्युझिक' हा अल्बम आला तेव्हा त्याच्या वेष्टनावर हॅरिसनने भारतीय वादकांची नावं छापली. म्हणजे अल्बममध्ये जागा होती, इच्छा होती आणि नावं आली. सिंगलच्या लेबलवर रीत नव्हती आणि नावं राहिली. तीच खोली, तोच आठवडा, बरेचसे तेच लोक. फरक फक्त कागदावर कोणी लिहिलं आणि कोणी नाही, एवढाच.

कायदा काय सांगतो?

१९६८ मध्ये भारतात १९५७ चा कॉपीराइट कायदा लागू होता. त्यात गीतकार आणि संगीतकाराला हक्क होते, रेकॉर्ड कंपनीलाही होते. वादक किंवा गायकाने सादर केलेल्या कलेला मात्र स्वतंत्र हक्क नव्हता. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस अभिनेते देव आनंद यांच्याशी संबंधित एका खटल्यात मुंबई उच्च न्यायालयानेही हाच अर्थ लावला : कलाकाराने केलेला अभिनय ही या कायद्यातली संरक्षित 'कृती' नाही.

हे चित्र १९९४ च्या दुरुस्तीने बदललं. सादरकर्त्याचे हक्क कायद्यात आले आणि 'सादरकर्ता' या व्याख्येत वादकही आहे. आता हा हक्क ५० वर्षं टिकतो. २०१२ च्या दुरुस्तीने दोन महत्त्वाच्या गोष्टी दिल्या. एक, व्यावसायिक वापर झाला तर रॉयल्टीचा हक्क. दोन, ही कला आपण सादर केली आहे अशी ओळख मिळण्याचा हक्क, म्हणजे सोप्या भाषेत नावाचा हक्क. गायक आणि वादकांच्या रॉयल्टीसाठी पुढे संस्थाही उभी राहिली.

आज काय करायचं?

पहिली गोष्ट, स्टुडिओत शिरण्याआधी बोलून घ्या. कोण काय वाजवणार, किती मानधन आणि नाव कुठे येणार, हे व्हॉट्सॲपवर लिहिलेलं असलं तरी पुढे उपयोगी पडतं.

दुसरी, गाणं अपलोड करताना वादकांची नावं वाद्यासह भरा. गाणी ॲप्सवर पोहोचवणाऱ्या कंपन्यांच्या फॉर्ममध्ये त्यासाठी जागा असते, ती बहुतेक लोक रिकामी सोडतात. यूट्यूबच्या वर्णनातही नावं लिहा. सात इंचाच्या तबकडीवर जागा कमी होती, ही सबब आता चालत नाही.

तिसरी, तुम्ही वादक असाल तर गाण्याची लिंक, तारीख आणि आपलं वाद्य यांची नोंद स्वतः ठेवा. पन्नास वर्षांनी कोणी शोधलंच, तर तीच कामी येईल.

२०१८ मध्ये बीटल्सच्या १९६८ सालच्या अल्बमची मोठी आवृत्ती निघाली. तिच्यात 'द इनर लाइट'ची फक्त वाद्यांची बाजू आहे. हॅरिसनचा आवाज नाही, लेनन-मॅकार्टनीची साथ नाही. म्युझिक ॲपवर ती सापडते. हेडफोन लावून एकदा ऐका. तेव्हा ऐकू येतात ते फक्त मुंबईच्या त्या खोलीत बसलेले वादक.