'सोलारिस'च्या सागरातील मायमॉइड : प्रतिकृती आणि आकलन यांतील अंतर

प्रस्तावना

पोलिश लेखक स्तानिस्वाव लेम (१९२१–२००६) यांची 'सोलारिस' ही कादंबरी १९६१ साली प्रसिद्ध झाली. एक तांबडा व एक निळा अशा दोन सूर्यांभोवती फिरणारा एक ग्रह आणि त्याला जवळजवळ संपूर्णपणे व्यापणारा एक सजीव महासागर, ही या कादंबरीची पार्श्वभूमी आहे. या सागरातून निरनिराळ्या प्रचंड रचना निर्माण होतात व लय पावतात. त्यांपैकी 'मायमॉइड' ही रचना समुद्रातील प्रवाळभित्तीची आठवण करून देणारी आहे. प्रस्तुत लेखात या रचनेचे स्वरूप स्पष्ट करून तिच्याद्वारे लेम यांनी मानवी ज्ञानाविषयी कोणता प्रश्न उपस्थित केला आहे, याचा विचार केला आहे.

मायमॉइडचे स्वरूप

मायमॉइडचा आरंभ सागराच्या पृष्ठभागाखाली होतो. खोलवर एक काळसर, सपाट, फाटक्या कडांचे वर्तुळ दिसू लागते. काही तासांत त्याचे भाग पडतात आणि ते हळूहळू वर येते. पुढे त्याच्या आसपासच्या परिसरात जी वस्तू येईल तिचे ते अनुकरण करू लागते. आकाशातून ढग गेला तर ढगाची आणि यंत्र आणले तर यंत्राची प्रतिकृती तयार होते. कालांतराने ही रचना जीर्ण होते. कादंबरीच्या अखेरीस नायक केल्विन अशाच एका जुन्या मायमॉइडवर उतरतो. भूकंपाने उद्ध्वस्त झालेल्या एखाद्या प्राचीन नगरासारखे ते दिसते.

या अनुकरणाला एक विलक्षण मर्यादा आहे. मायमॉइड सजीवांची दखलच घेत नाही. प्रयोगासाठी आणलेले प्राणी किंवा वनस्पती, फार काय प्रत्यक्ष माणूस समोर असला तरी त्यावर काहीही परिणाम होत नाही. मात्र बाहुली, कोरलेला कुत्रा किंवा घडविलेले झाड दिसताच त्याची नक्कल सुरू होते. जिवंत कुत्रा त्याच्या लेखी नसतो. कुत्र्याची मूर्ती मात्र असते. कादंबरीत हा तपशील ओझरता येतो, तथापि संपूर्ण कथानकाच्या दृष्टीने तो महत्त्वाचा आहे.

पृथ्वीवरील प्रवाळाचे उदाहरण

प्रवाळबेटे हेही एके काळी गूढच होते. खोल समुद्राच्या मध्यभागी कंकणाकृती बेटे कशी निर्माण होतात, याचे स्पष्टीकरण चार्ल्स डार्विन यांनी १८४२ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात दिले. ज्वालामुखीय बेट हळूहळू खचते आणि त्याच्या कडेने वाढणारे प्रवाळ मात्र वरवर रचत जाते, असे त्यांचे प्रतिपादन होते. १९५२ मध्ये प्रशांत महासागरातील एनिवेटोक येथे छिद्रण करण्यात आले, तेव्हा बाराशे मीटरांहून अधिक जाडीच्या चुनखडीखाली ज्वालामुखीय खडक सापडला. एकशेदहा वर्षांनंतर अनुमानाला पुरावा मिळाला.

हे शक्य झाले याचे कारण या रचनेचा कर्ता ज्ञात होता. प्रवाळकीटक कॅल्शियम कार्बोनेटचा सांगाडा तयार करतो आणि उथळ, प्रकाशित पाण्यात त्याची वाढ चांगली होते, हे माहीत असल्यामुळे रचनेवरून तिच्या इतिहासाकडे जाता आले. सोलारिसवर नेमका हाच दुवा उपलब्ध नाही. तेथे रचना दिसते. पण ती कोणत्या हेतूने घडते, किंबहुना तिला हेतू आहे की नाही, हे कळत नाही.

नामकरण आणि ज्ञान

कादंबरीतील संशोधक गीझे या रचनांचे वर्गीकरण करतो. मायमॉइड, सिमेट्रिअड, असिमेट्रिअड ही नावे त्याचीच. पुढे अशाच एका रचनेच्या उद्रेकात त्याच्यासह १०६ जण मृत्युमुखी पडतात. ग्रंथालये भरतील एवढे साहित्य या सागरावर लिहिले जाते, तरी मूळ प्रश्न जागच्या जागीच राहतो. ग्राटेनस्ट्रोम हा दुसरा एक काल्पनिक लेखक तर असे दाखवू पाहतो की, मानवाचे अमूर्त सिद्धांतदेखील त्याच्या शरीराच्या व इंद्रियांच्या अनुभवापासून फारसे दूर गेलेले नाहीत.

या संदर्भात हॅरीचे पात्र विचारात घ्यावे लागते. सागरावर क्ष-किरणांचा मारा केल्यानंतर अंतराळस्थानकावर 'पाहुणे' प्रकट होतात. केल्विनसमोर त्याची मृत पत्नी हॅरी उभी राहते. परंतु तिच्या पोशाखाची बटणे केवळ शोभेची असतात. तो उघडण्याची सोयच नसते. सागराने जिवंत हॅरी घडविलेली नसून केल्विनच्या स्मृतीतील तिची प्रतिमा घडविली आहे. मायमॉइड ज्याप्रमाणे कुत्रा सोडून कुत्र्याची मूर्ती उचलतो, त्याचप्रमाणे येथेही मूर्तीच उचलली गेली आहे. तरीही ही प्रतिकृती स्वतः दुःख भोगते आणि स्वतःविषयी प्रश्न विचारते. त्यामुळे 'केवळ नक्कल' म्हणून तिला बाजूला सारणे केल्विनला शक्य होत नाही.

निष्कर्ष

मायमॉइड जे करतो तेच मनुष्यही करीत असतो, असे या विवेचनावरून दिसून येते. अपरिचित वस्तू समोर आली की तो परिचित प्रतिमेच्या साह्याने तिची प्रतिकृती तयार करतो आणि तिलाच ज्ञान समजतो. उद्ध्वस्त नगर, प्रवाळभित्ती या उपमादेखील याला अपवाद नाहीत. आज हा प्रश्न केवळ साहित्यापुरता उरलेला नाही. गुरूच्या युरोपा या उपग्रहाच्या बर्फाखाली महासागर असल्याचे भक्कम संकेत असून, तेथील परिस्थिती जीवसृष्टीस अनुकूल आहे काय, हे तपासण्यासाठी 'युरोपा क्लिपर' हे यान ऑक्टोबर २०२४ मध्ये प्रक्षेपित झाले आहे. अशा शोधात पृथ्वीवरील जीवसृष्टी हाच आपला एकमेव नमुना आहे. तो वापरणे अपरिहार्य आहे. परंतु तो नमुना आहे, याचे भान सुटता कामा नये.

मायमॉइडच्या काठावर केल्विन लाटेपुढे हात धरतो. लाट त्याच्या हाताभोवती वेढा घालते, पण स्पर्श करीत नाही. दोहोंमध्ये हवेचा एक पातळ थर राहतो. ज्ञाता आणि ज्ञेय यांच्यातील अंतर लेम यांनी येथे नाहीसे केलेले नाही, ते केवळ मोजता येईल इतके जवळ आणले आहे.