गर्दीचा आवाज

अंधेरी पश्चिमेच्या एका डबिंग स्टुडिओत येशूवरच्या परदेशी चित्रपटाचं मराठी डबिंग चालू होतं. त्या दिवशी पाळी होती पिलातासमोरच्या खटल्याची.

चित्रपट लूकच्या शुभवर्तमानावर बेतलेला. त्यात पिलात हात धूत नाही. तो प्रसंग मत्तयच्या शुभवर्तमानात आहे. त्यामुळे रोमी सुभेदाराची सगळी घालमेल आवाजातूनच यायला हवी. आरोपीत दोष सापडत नाही असं तो तीनदा सांगतो आणि तरीही त्याला क्रुसावर पाठवतो. कलाकाराने दर वेळी आवाज थोडा उतरवला. तिसऱ्यांदा तर तो जमावाची मनधरणीच करत होता.

वेळ खाल्ला तो गर्दीने. पडद्यावर शेकडो माणसं, काचेपलीकडे माइकभोवती सहा जण. एकदा ओरडून झालं की जागा आणि आवाज बदलून पुन्हा ओरडायचं. असे थर चढवत जमाव उभा राहतो. येशूऐवजी दुसऱ्या कैद्याला सोडण्याची मागणी, ‘बरब्बाला सोडा!’, पहिल्या टेकला एका सुरात आली, मोर्चातल्या घोषणेसारखं. दिग्दर्शिकेने थांबवलं. दोघांनीच सुरू करा, म्हणाली, बाकीच्यांनी त्यांचं ऐकून ओरडा. पुढच्या टेकला माझ्या अंगावर काटा आला. येशू यरुशलेमेत शिरतानाचा जयजयकारही याच सहा जणांचा होता.

मत्तयमध्ये हाच जमाव येशूच्या रक्ताचा दोष स्वतःवर आणि मुलाबाळांवर घेतो. त्या वाक्याच्या आधाराने युरोपात यहुद्यांचा शतकानुशतकं छळ झाला; दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५मध्ये हा सरसकट ठपका नाकारला. ‘द पॅशन ऑफ द ख्राइस्ट’मध्ये (२००४) मेल गिब्सनने ते वाक्य अरामी भाषेत ठेवलं, सबटायटल तेवढं काढलं. डबिंगमध्ये ती सोय नाही. शिवाय मराठी ही बेने इस्राएल यहुद्यांचीही मायबोली; ठाण्यात त्यांचं सिनेगॉग १८७९पासून आहे. ते वाक्य मराठीत घुमलं तर ते त्यांच्याही कानी पडणार. लूकमध्ये ते नाही, याचं मला बरं वाटलं.

लूक म्हणतो, शेवटी ओरडण्याचीच सरशी झाली. म्हणून मिक्सिंगला रेकॉर्डिस्टने पिलाताचं तिसरं वाक्य गर्दीत बुडवलं. दिग्दर्शिकेने हरकत घेतली आणि ते शब्दन्‌शब्द ऐकू येईल इतका गोंगाट खाली आणायला लावला. तिचंच बरोबर होतं. ते वाक्य विरून गेलं असतं, तर आरोपी निर्दोष आहे हे ठाऊक असूनही शिक्षा देणारा न्यायाधीश बिचारा वाटला असता.