यशवंत, शाहू आणि आरव : नावांच्या अर्थांची पारख

कसबा बावड्यातील लक्ष्मी-विलास राजवाड्यात २६ जून १८७४ रोजी जन्मलेल्या, कागलच्या घाटगे घराण्यातील मुलाचे नाव यशवंतराव होते आणि १७ मार्च १८८४ रोजी कोल्हापूरच्या गादीवर दत्तक आल्यावर ते शाहू झाले. या दोन नावांपैकी ‘यशवंत’ची फोड कोणालाही करता येते, कारण गुणवंत, बळवंत यांतला ‘वंत’ हा, जवळ असणे दाखवणारा प्रत्यय त्यात उघड दिसतो. तरीही नावांच्या पुस्तकांनी त्याला शुद्ध संस्कृत ठरवावे हे बरोबर नाही. व्याकरणाप्रमाणे ‘यशस्’पासून ‘यशस्वत्’ असे रूप होते, आणि ‘यशवंत’ ही नंतरच्या देशी भाषांची घडण आहे.

‘शाहू’चा गुंता मोठा आहे. रूढ कथेनुसार हे नाव छत्रपती संभाजी महाराजांच्या पुत्राला, म्हणजे सातारच्या थोरल्या शाहूंना, औरंगजेबाने दिले. मुलाचे मूळ नाव शिवाजी होते आणि १६८९ मध्ये रायगड पडल्यावर तो मोगलांच्या ताब्यात गेला, तेव्हा आजोबांच्या उलट हा ‘साव’ आहे असे बादशहा म्हणाला, अशी ती कथा. संस्कृत ‘साधु’, प्राकृत ‘साहु’ आणि मराठी ‘साव’ ही साखळी निर्दोष असल्याने कथेला वजन येते. परंतु ध्वनी जुळले म्हणून प्रसंग घडला असे ठरत नाही. थोरल्या शाहूंच्या पणजोबांचे नाव शहाजी होते, त्यात फारसी ‘शाह’ आहे, आणि ते अहमदनगरच्या शाह शरीफ या पीरावरून ठेवले गेले अशी परंपरा सांगते. घराण्यातच असलेल्या नावाचे हे लघुरूप मानणे कमी गृहीतकांचे वाटते. नावाला साजेशी गोष्ट मागाहून रचली जाण्याच्या या प्रकाराला लोकव्युत्पत्ती म्हणतात, आणि गोष्ट जितकी चटकदार तितका तिच्याविषयीचा संशय वाढवावा.

आजच्या बारशांत अडचण वेगळी आहे. नक्षत्राच्या प्रत्येक चरणाला एक अक्षर नेमणाऱ्या अवकहडा चक्रात आर्द्रेच्या वाट्याला ‘ङ’, हस्ताच्या वाट्याला ‘ण’ आणि उत्तरा भाद्रपदेच्या वाट्याला ‘ञ’ येतो, ज्यांनी सुरू होणारे शब्द जवळपास नाहीतच. त्यात नाव दोन अक्षरी आणि नवे हवे, मग शब्द आधी घडतो आणि अर्थ त्याला नंतर चिकटवला जातो. ‘रियांश’चा अर्थ सूर्याचा अंश असा छापतात, पण ‘रिया’ म्हणजे सूर्य असे संस्कृतात कोठेही नाही. ‘आरव’ हा शब्द मात्र अस्सल आहे, आणि तेथेच गंमत आहे : यादीत त्याचा अर्थ ‘शांत’ असा असतो, तर कोशात आवाज, आक्रोश, आरडाओरडा. रात्री जागणाऱ्या आईबापांना कोशकाराचाच अर्थ पटण्याजोगा आहे.

हा कोशकार कोल्हापूरला परका नाही. सावंतवाडी संस्थानात जन्मलेले वामन शिवराम आपटे यांचे शालेय शिक्षण कोल्हापूरच्या राजाराम हायस्कुलात झाले आणि १८९० मध्ये त्यांचा संस्कृत-इंग्रजी कोश प्रसिद्ध झाला. शब्द कोणत्या ग्रंथात कोणत्या अर्थाने आला हे तो दाखवतो, तर नावांच्या याद्या एकमेकींवरून उतरवलेल्या असल्याने दहा ठिकाणी तोच अर्थ दिसला तरी साक्षीदार एकच राहतो. देशी नावांसाठी मोल्सवर्थचा १८५७चा किंवा दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश चाळावा लागतो, आणि फारसी-अरबी नावांना संस्कृत मूळ चिकटवण्याचा मोह टाळावा लागतो. घाईचे कारणही नाही, कारण जन्माची नोंद २१ दिवसांत करावयाची असली तरी बाळाचे नाव त्या नोंदीत वर्षभर विनाशुल्क भरता येते.