पडदानशीन बायकांच्या राखीव जागा

आम्ही कोरीटची माणसं मुंबईला जातो ती कामापुरतीच. नंदुरबारला गाडीत बसायचं, सुरतमार्गे जायचं, काम झालं की परतीची गाडी धरायची. मागच्या खेपेला फोर्टातलं काम लवकर आटोपलं, म्हणून बोरीबंदरजवळच्या गल्लीतल्या न्यू एक्सेलसियर सिनेमासमोर जाऊन उभे राहिलो. सिनेमा पाहायचा नव्हता. त्या जागेवर पूर्वी जे नाटकगृह होतं, त्याबद्दल वाचलं होतं. ते केव्हाच पाडलं गेलं.

त्याचं नाव नॉव्हेल्टी. खुरशेदजी बालीवाला यांच्या व्हिक्टोरिया नाटक मंडळीने 1887 मध्ये ते उभं केलं. मंडळी पारशांची, घरची भाषा गुजराती. पण त्यांच्या रंगभूमीवर उर्दूचा दबदबा होता. कारण साधं होतं. या कंपन्या लाहोर-दिल्लीपासून हैदराबादपर्यंत दौरे करायच्या आणि उर्दू सगळीकडे समजायची. मंडळीसाठी लिहिणाऱ्यांत महमूद मियाँ ‘रौनक’ होते, तसेच विनायक प्रसाद ‘तालिब’. दोघेही बनारसचे. मालक पारशी, लेखक मुसलमान आणि हिंदू, तिकीट काढणारे सगळेच. उर्दू ही फक्त मुसलमानांची भाषा आहे असं हल्ली कुणी म्हणालं, की आम्हाला नॉव्हेल्टी आठवते.

7 जुलै 1896 रोजी वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं मुंबईत पहिल्यांदा दाखवली गेली. तिकीट एक रुपया, म्हणजे तो साहेबलोकांचा आणि पैसेवाल्यांचा खेळ. आठवडाभरात, 14 जुलैपासून, हेच खेळ नॉव्हेल्टीत सुरू झाले. नाटकाच्या रंगमंचावर पांढरा पडदा लागला. स्टेशनात शिरणारी आगगाडी, कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार, आणि एक भिंत पाडतानाचं चित्रही त्यात होतं. लवकरच दर चार आण्यांपासून दोन रुपयांपर्यंत असे वेगवेगळे ठरले. चार आण्यांत बसणारा माणूस वॉटसनच्या दारातही गेला नसता.

आम्हाला जास्त रस आहे तो जाहिरातीतल्या एका गोष्टीत. पडदानशीन स्त्रिया आणि त्यांच्या कुटुंबांसाठी बंदिस्त बॉक्स राखीव ठेवल्याचं तिथे कळवलं होतं. यात समाजसुधारणा शोधू नये. मालकाला तिकिटं खपवायची होती. पण त्यासाठी त्याला हे ध्यानात घ्यावं लागलं की घरात राहणाऱ्या या बायकांनाही जग बघायचं आहे आणि त्यांच्या चालीरीतीला धक्का न लावता ते दाखवता येतं. भारतात सिनेमा येऊन महिनाही झाला नव्हता. सिनेमा म्हणजे आपल्या घरांना परकी चीज, असं आमच्यात अजूनही काही जण समजतात. निदान मुंबईत तरी बुरख्यातल्या बायका जवळपास पहिल्यापासून त्याच्या प्रेक्षक होत्या.

पुढे नॉव्हेल्टी पाडली आणि तिथे एक्सेलसियर उभं राहिलं. बोलपट आले. मग तेही पाडून आजची इमारत आली आणि नावाआधी ‘न्यू’ लागलं. नाटक, मूकपट, बोलपट, आता वातानुकूलित पडदा; जागा तीच. जवळच कॅपिटॉल आहे, तेही मुळात गेयटी नावाचं नाटकगृह. मुंबईत जमिनीचा भाव असा, की इमारतीला म्हातारी होण्याची सवडच मिळत नाही. तिथे कोण बसलं होतं, हे सांगणारी पाटी आम्हाला बाहेर दिसली नाही.

कोरीटला परतल्यावर दादीला सगळं सांगितलं. राखीव बॉक्सचं ऐकून ती हसली. सारंगखेड्याच्या यात्रेत सिनेमाचा तंबू लागायचा, मध्ये कनात, एका अंगाला बाप्ये आणि दुसऱ्या अंगाला बायका. तिला जागा मिळायची ती नेहमी पार कडेला. ‘‘म्हणून मी पाहिलेले सगळे हिरो लांबोड्या तोंडाचे,’’ ती म्हणाली.