पाचगणीचा पियानो आणि फ्रेडीचा गळा

पाचगणीला शाळेची सहल गेली की टेबल लँड, पारसी पॉइंट आणि घोड्यावरची रपेट ठरलेली असते. त्याच गावात सेंट पीटर्स ही निवासी शाळा आहे. 1955 साली या शाळेत आठ वर्षांचा एक पारशी मुलगा दाखल झाला. त्याचे नाव फारूख बलसारा. पुढे 'फ्रेडी मर्क्युरी' या नावाने तो जगाला माहीत झाला. ब्रिटनमधल्या 'क्वीन' या रॉक वाद्यवृंदाचा तो प्रमुख गायक होता.

रॉक संगीत आपल्याला आवडो वा न आवडो, विज्ञानाच्या शिक्षकाने विचार करावा असा एक प्रश्न या माणसाने मागे ठेवला आहे. असा आवाज जन्माला येताना मिळतो, की तो घडवावा लागतो? या प्रश्नाचे थोडे उत्तर त्याच्या चरित्रात सापडते आणि थोडे ध्वनिशास्त्रात.

शाळेतला फ्रेडी

फारूखचा जन्म 5 सप्टेंबर 1946 रोजी झांजिबारमध्ये झाला. घराणे मूळचे गुजरातमधल्या बलसारचे, म्हणजे आजच्या वलसाडचे. वडील झांजिबारमध्ये ब्रिटिश सरकारच्या नोकरीत होते. मुलाला शिक्षणासाठी बोटीने भारतात पाठवण्यात आले. पाचगणीत मित्रांनी त्याचा 'फ्रेडी' केला. त्याच्या वरच्या जबड्यात चार जादा दात होते. त्यामुळे पुढचे दात बाहेर आलेले दिसत आणि मुले त्यावरून त्याला चिडवत. मुलगा लाजाळू होता. पण टेबल टेनिस चांगले खेळे, चित्रे काढी, शाळेच्या समूहगानात गाई आणि पियानोवर बसला की खुले. त्याचा कान तयार आहे हे मुख्याध्यापकांच्या ध्यानात आले. थोडी जादा फी भरून त्याला पियानोची शिकवणी लावावी, असे त्यांनी पालकांना कळवले, अशी नोंद त्याच्या चरित्रांत आढळते.

1958 साली पाच मुलांनी मिळून शाळेत 'द हेक्टिक्स' नावाचा वाद्यवृंद काढला. येथे एक गंमत ध्यानात घेण्यासारखी आहे. या वाद्यवृंदाचा मुख्य गायक फ्रेडी नव्हता. तो पियानो वाजवी आणि इतरांच्या मागे सूर धरी. पुढे ज्याचा गळा जगाने डोक्यावर घेतला, त्याला बाराव्या वर्षी कोणी गायक म्हणून पुढे केले नव्हते.

1963 साली तो झांजिबारला परतला. जानेवारी 1964 मध्ये तेथे क्रांती झाली आणि बलसारा कुटुंब लंडनजवळ फेल्टहॅमला आले. फ्रेडीने ईलिंगच्या कला महाविद्यालयात ग्राफिक कलेचे शिक्षण घेतले. 1970 मध्ये गिटारवादक ब्रायन मे आणि तालवादक रॉजर टेलर यांच्याबरोबर त्याने 'क्वीन' सुरू केला. पुढच्या वर्षी जॉन डीकन त्यांना येऊन मिळाला. सुरुवातीला फ्रेडीचा आवाज जोरकस होता, पण ताब्यात नव्हता, असे या सहकाऱ्यांनीच पुढे सांगितले आहे. ध्वनिमुद्रणात स्वतःचा आवाज ऐकायचा, चूक शोधायची आणि पुन्हा गायचे, असा त्याचा अभ्यास चाले. 1975 च्या 'बोहेमियन ऱ्हाप्सडी' या सुमारे सहा मिनिटांच्या गाण्यात तिघांनी आपलेच आवाज फितीवर एकावर एक चढवत नेले आणि तीन गळ्यांतून मोठ्या समूहगानाचा भास निर्माण केला. 13 जुलै 1985 रोजी लंडनच्या वेम्बली मैदानावर त्याने सुमारे 72 हजार लोकांना आपल्याबरोबर गायला लावले.

आवाजाचे मोजमाप

आता गळ्याकडे वळू. वर्गात मुलांना कंठावर हलके बोट ठेवून आधी 'स्स्स' आणि मग 'आऽऽ' म्हणायला सांगा. 'स्स्स' म्हणताना बोटाला काही जाणवत नाही. 'आऽऽ' म्हणताना थरथर जाणवते. ही थरथर स्वरयंत्रातल्या दोन स्वरतंतूंची. फुप्फुसातून येणारी हवा त्यांना उघडते आणि ते लगेच पुन्हा मिटतात. सेकंदाला असे जितके वेळा घडते, तितकी आवाजाची वारंवारता. स्वरतंतू ताणले की वारंवारता वाढते, म्हणजे स्वर चढतो.

2016 साली ऑस्ट्रियाचे स्वरशास्त्रज्ञ ख्रिश्चन हर्ब्स्ट आणि त्यांच्या स्वीडिश सहकाऱ्यांनी फ्रेडीच्या ध्वनिमुद्रणांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यांनी आधी मुलाखतींतला त्याचा बोलण्याचा आवाज तपासला. त्याची वारंवारता 117 हर्ट्झच्या आसपास निघाली. ही साध्या, काहीशा खालच्या पट्टीच्या पुरुषाची वारंवारता आहे. म्हणजे उंच स्वरांत गाणाऱ्या या गायकाचा मूळ आवाज तसा उंच नव्हता.

त्याचा पल्ला चार सप्तकांचा होता, असे नेहमी लिहिले जाते. या शास्त्रज्ञांना तपासलेल्या गाण्यांत सुमारे 92 पासून 784 हर्ट्झपर्यंतचे स्वर सापडले. पेटीवर लागोपाठच्या कोणत्याही दोन पट्ट्यांच्या वारंवारतांचे गुणोत्तर सुमारे 1.06 असते. अशा 12 पायऱ्या चढल्या की वारंवारता दुप्पट होते, म्हणजेच एक सप्तक पूर्ण होते. फ्रेडीचा पल्ला भरतो 37 पायऱ्यांचा. तीन सप्तकांच्या पेटीत 37 पट्ट्या, म्हणजे 36 पायऱ्या असतात. सबंध पेटी आणि वर एक पट्टी! पल्ला मोठा खराच, पण दंतकथेपेक्षा कमी.

लांबवलेला स्वर गायक किंचित झुलवतो. फ्रेडीच्या आवाजात हे हेलकावे सेकंदाला सुमारे सात येत. पाश्चात्त्य अभिजात गायकांत ते साधारणपणे पाच-सहा असतात. त्याच्या आवाजातली चमक काही अंशी या वेगातून येत असावी.

घर्र आवाज आणि मिरजेची जवारी

सर्वांत रंजक निष्कर्ष त्याच्या घर्र आवाजाबद्दल आहे. स्वरतंतूंच्या थोडे वर मांसल पडद्यांची आणखी एक जोडी असते. तिला खोटे स्वरतंतू म्हणतात. बोलताना किंवा नेहमीचे गाताना ते स्वस्थ असतात. फ्रेडीच्या शैलीची नक्कल करणाऱ्या एका कसलेल्या गायकाच्या स्वरयंत्राचे शास्त्रज्ञांनी सेकंदाला चार हजारांहून अधिक चित्रे घेणाऱ्या कॅमेऱ्याने चित्रण केले. खरे स्वरतंतू तीन वेळा कंप पावत, तेवढ्यात खोटे एकदा. स्वर 300 हर्ट्झचा असेल तर त्यात 100 हर्ट्झची भर पडते आणि आवाजाला खरखरीत वजन येते. फ्रेडीच्या ध्वनिमुद्रणांतही या तिपटीच्या खुणा दिसल्या. सैबेरियातल्या तुवा प्रांतातले गायकही खोट्या स्वरतंतूंचा असाच उपयोग करतात.

म्हणजे कानाला जे भरीव वाटते ते नेहमी शुद्ध, गुळगुळीत असतेच असे नाही. हे आपल्याकडच्या कारागिरांना पूर्वीपासून माहीत आहे. महाबळेश्वरला उगम पावणारी कृष्णा वाई-कराडवरून सांगलीला येते. तेथून मिरज हाकेच्या अंतरावर. मिरजेचे कारागीर एकोणिसाव्या शतकापासून सतारी-तंबोरे घडवत आले आहेत आणि 2024 मध्ये त्यांना भौगोलिक मानांकन मिळाले. तंबोऱ्याच्या घोडीचा माथा ते अगदी किंचित उतार देऊन घासतात. छेडलेली तार त्या उतारावर टेकत-सुटत राहते आणि एका तारेतून अनेक उपस्वर फुलतात. हीच जवारी. गळ्यातले खोटे स्वरतंतू आणि घोडीवरची तार यांची यंत्रणा वेगळी आहे, पण तत्त्व जवळचे: कंपनाला नेमका, आटोक्यातला स्पर्श झाला की नाद श्रीमंत होतो. स्पर्श जास्त झाला तर तार नुसती खरखरते. ब्रायन मे यांनीही आपल्या एका साध्या गिटारीची घोडी अशाच रीतीने बदलून काही गाण्यांत सतारीसारखा झंकार आणला होता.

दात, गाठी आणि शिक्षक

जादा दातांमुळेच आपला आवाज असा आहे, असे फ्रेडीला वाटे. म्हणून त्याने ते काढून घेतले नाहीत. शास्त्र सांगते की स्वराची उंची स्वरतंतू ठरवतात, दात नव्हे. घसा, जीभ, ओठ आणि मुखाची पोकळी यांच्या आकाराने नादाचा रंग बदलतो. मुखाच्या आकाराचा थोडा वाटा असेल. पण चार दातांनी कोणी गायक होत नाही.

त्याच्या स्वरतंतूंवर मात्र गाठी आल्या होत्या आणि त्या त्याला वारंवार त्रास देत. सेकंदाला शेकडो वेळा आपटणाऱ्या तंतूंवर ताण वाढला की अशा गाठी येतात. शिक्षकमित्रहो, हा विकार गायकांइतकाच आपलाही आहे. साठ मुलांच्या गोंगाटावर आवाज चढवण्यापेक्षा हात वर करून वर्ग शांत करावा. तासाला घोट-घोट पाणी प्यावे. आवाज तीन-चार आठवडे बसलेला राहिला तर कान-नाक-घशाच्या डॉक्टरांना दाखवावे.

24 नोव्हेंबर 1991 रोजी पंचेचाळिसाव्या वर्षी फ्रेडी एड्सच्या आजारात न्यूमोनियाने गेला. आजार त्याने आदल्या दिवशीच जाहीर केला होता. त्या दशकात सातारा-सांगलीतल्या अनेक घरांनीही हा आजार पाहिला आणि लपवला. अनेक औषधे एकत्र देण्याचा परिणामकारक उपचार 1996 च्या सुमारास आला. आपल्याकडे 2004 पासून तो सरकारी केंद्रांत मोफत मिळतो. वेळेवर औषध घेणारा रुग्ण आज दीर्घकाळ जगू शकतो. वरच्या वर्गांना हे सांगायला संकोच वाटू नये.

ब्रायन मे यांनी अर्धवट सोडलेले संशोधन पूर्ण करून 2007 मध्ये ग्रहांदरम्यानच्या धुळीवर डॉक्टरेट मिळवली. 2016 मध्ये 17473 क्रमांकाच्या लघुग्रहाला फ्रेडीचे नाव देण्यात आले.

असा आवाज जन्मतःच मिळतो का? मोजमाप सांगते की मूळ स्वर साधा होता. बाकीचे कानाने, सरावाने आणि स्वतःची चूक ऐकण्याच्या सवयीने मिळवलेले होते. त्या कानाला पहिली शिकवण ज्या काळात मिळाली, त्यातली आठ वर्षे पाचगणीची. आपल्या शाळेत पियानो नसेल, पण एखादी पेटी कपाटात पडून असेल. ती बाहेर काढावी आणि सर्वांत लाजाळू मुलाला आधी वाजवायला द्यावी.