धायटी : डोंगरउतारावरची लाल ज्योत
(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

घरात बाळंतीण असली की तिच्या उशाशी दशमूलारिष्टाची बाटली हमखास दिसते. कुणाकडे अशोकारिष्ट असतं, कुणाकडे कुमारीआसव. या बाटल्यांच्या लेबलावर बारीक अक्षरांत घटकांची लांबलचक यादी असते. ती कधी वाचून पाहा. औषधं वेगवेगळी, त्यांतल्या वनस्पतीही वेगवेगळ्या. पण एक नाव बहुतेक ठिकाणी पुन्हा पुन्हा भेटतं, ते म्हणजे धातकी. हीच आपली धायटी. सह्याद्री-सातपुड्याच्या उतारांवर आपोआप वाढणारं, कुणी मुद्दाम न लावलेलं हे झुडूप आहे.

धायटी माणसाच्या उंचीएवढी, फार तर त्याच्या दुप्पट वाढते. बुंध्यापासूनच अनेक फांद्या फुटतात आणि त्या लांब, कमानीसारख्या बाहेर झुकतात. पानं भाल्याच्या पात्यासारखी निमुळती, वरून हिरवी आणि खालून राखाडी-पांढुरकी असतात. पान उलटं करून नीट पाहिलं तर त्यावर काळे बारीक ठिपके दिसतात. ओळख पटवायला ही खूण पुरेशी आहे.

पण एरवी या झुडपाकडे कुणाचं लक्ष जात नाही. ते जातं पौष-माघ उलटल्यावर. डोंगरावरचं गवत वाळून पिवळं पडलेलं असतं, झाडांची पानं गळत असतात, आणि नेमक्या अशा वेळी धायटीच्या फांद्या बुडख्यापासून शेंड्यापर्यंत लालभडक फुलांनी भरून जातात. चैत्रापर्यंत हा बहर टिकतो. संस्कृतात हिला ‘अग्निज्वाला’ आणि ‘ताम्रपुष्पी’ अशी नावं मिळाली ती उगाच नव्हेत.

आता गंमत अशी, की आपल्याला दिसतो तो लाल रंग पाकळ्यांचा नसतोच. एक फूल तोडून हातावर घ्या. सेंटिमीटर-दीड सेंटिमीटर लांबीची, किंचित वाकडी लाल नळी दिसेल. ती आहे फुलाचा पेला, म्हणजे कळीचं बाहेरचं आवरण. खऱ्या पाकळ्या सहा असतात. पण नळीच्या तोंडाशी त्या इतक्या चिमुकल्या असतात, की शोधाव्या लागतात. नळीतून बाहेर डोकावणारे बारीक तंतू हे पुंकेसर, ते बारा. फूल जुनं झालं तरी हा पेला गळून पडत नाही. त्याच्याच आत बोंड धरतं आणि बोंडात मातीच्या कणांसारखं बारीक बी तयार होतं.

हा थाट आहे तो पक्ष्यांसाठी. मधमाशीला लाल रंग नीटसा दिसत नाही, पक्ष्यांना तो लांबून दिसतो. नळीच्या तळाशी मध साठलेला असतो आणि त्यासाठी लांब, बाकदार चोच लागते. शिंजीर, म्हणजे सूर्यपक्षी, फांदीवर बसून एकेका फुलात चोच घालतो, तेव्हा परागकण त्याच्या कपाळाला आणि चोचीला लागतात आणि पुढच्या फुलापर्यंत पोचतात. रानातल्या पोरांनाही ही नळी चोखायची युक्ती ठाऊक असते. पाण्याची आणि खाण्याची चणचण असलेल्या त्या दिवसांत धायटी ही डोंगरावरची पाणपोईच असते म्हणा ना!

हिचं गोत्रही मोठं आहे. मेंदी, डाळिंब आणि महाराष्ट्राचं राज्यपुष्प असलेलं तामण ही सगळी धायटीच्याच कुळातली. लिनियसने अठराव्या शतकात हिला दुसऱ्याच गटात घातलं होतं. ‘वुडफोर्डिया फ्रुटिकोसा’ हे आजचं शास्त्रीय नाव १८७१ सालचं आहे.

मेंदीची पानं आणि डाळिंबाची साल तुरट असते, तशीच धायटीही तुरट. तिच्या फुलांत आणि पानांत टॅनिन भरपूर असतं. म्हणूनच पूर्वी कातडी कमावायला आणि कापड रंगवायला तिचा उपयोग होत असे. चरकसंहितेत मल बांधणाऱ्या द्रव्यांमध्ये धातकीचं फूल सांगितलेलं आहे, तेही या तुरटपणाशी जुळणारं आहे.

मग आसवारिष्टांत ही फुलं कशासाठी? अरिष्टात औषधांचा काढा करतात, आसवात सहसा काढा न करता औषधं पाण्यात घालतात. दोन्हींत गूळ किंवा मध मिसळून वर धायटीची सुकी फुलं टाकतात आणि भांड्याचं तोंड बंद करून ते काही आठवडे ठेवून देतात. या काळात किण्व, म्हणजे यीस्ट, साखरेचं मद्यार्कात रूपांतर करतं. औषधातले गुण त्या मद्यार्कात उतरतात आणि औषध टिकतं. बाहेरून मद्यार्क घालावा लागत नाही.

फुलांबरोबरच किण्व येतं, असं फार काळ मानलं जाई. काही अभ्यासकांना या फुलांवर किण्व सापडलंही आहे. मात्र १९९०च्या दशकातल्या प्रयोगांतून वेगळी बाजू पुढे आली. साखरेचे तुकडे करून ती किण्वाला सोपी करून देणारं विकर या फुलांत असतं. फुलं घातली की मद्यार्क जास्त तयार होतो, पण तो करणारं किण्व फुलांतूनच येतं असं दिसलं नाही. थोडक्यात, धायटी इथे स्वयंपाकीण नसेलही, पण भाजी चिरून देणारी मदतनीस नक्की आहे.

आणि इथेच काळजीचा मुद्दा येतो. ही सगळी फुलं येतात कुठून? मुख्यतः रानातून. गावकरी ती गोळा करून, वाळवून व्यापाऱ्याला विकतात. उन्हाळ्याच्या तोंडाशी हातात चार पैसे येतात, त्यात वावगं काहीच नाही. पण बोंड फुलाच्या पेल्यातच धरत असल्यामुळे तोडलेलं प्रत्येक फूल म्हणजे न धरलेलं बी. फांद्याच्या फांद्या ओरबाडल्या, तर त्या उतारावर त्या वर्षी बी पडत नाही आणि शिंजिरांचा मधही जातो. शिवाय वणव्यांचे दिवसही नेमके हेच. जळालेली धायटी बुंध्यातून पुन्हा फुटते खरी, पण तो बहर आणि ते बी हातचं गेलेलं असतं.

तिसरा धोका आपल्या चांगल्या हेतूतून येतो. ‘उजाड’ डोंगरावर झाडं लावायची म्हणून आधी तिथली ‘झुडपं’ साफ केली जातात आणि खड्ड्यांत ग्लिरिसिडियासारखी परकी, झटपट वाढणारी झाडं येतात. साफ केलेल्या त्या झुडपांत धायटी असते. मुरमाड उतारावर मुळं रोवून माती धरून ठेवायचं काम ती आधीपासूनच करत असते.

उपाय अवघड नाहीत. झुडपावरची निम्मी फुलं तरी राखावीत, फांदी न मोडता फुलं खुडावीत. वृक्षारोपणाचा खड्डा घेताना तिथे आधी काय उगवलं आहे ते एखाद्या जाणत्याला विचारावं. बियांपासून रोपं करून धायटी बांधावर लावता येते. तशी लावली तर रानावरचा भारही हलका होईल.

येत्या माघ-फाल्गुनात घाटातून जाताना गाडीची काच खाली करा आणि वाळलेल्या गवतात लाल रंग शोधा. दिसला, तर दोन मिनिटं थांबा. बहुधा एखादा शिंजीर तुमच्या आधीच तिथे पोचलेला असेल.