राजधान्या पाठ आहेत, पण आज वार कोणता?

‘डॉक्टर, बाबांना विसरण्याचा आजार कसा असेल? कुठल्याही देशाची राजधानी विचारा, अजून धडाधड सांगतात.’ सरकारी रुग्णालयाच्या बाह्यरुग्ण विभागात हे वाक्य थोड्याफार फरकाने वारंवार कानावर येते. आणि बाबा खरोखरच सांगतात. पेरू? लिमा. मंगोलिया? उलानबातर. दुसरे महायुद्ध कधी संपले? १९४५. मग मी विचारतो, ‘आज सकाळी नाश्त्याला काय होतं?’ बाबा हसतात आणि मान वळवून सुनेकडे बघतात.

उत्तरासाठी शेजारच्या माणसाकडे वळणारी ती मान आम्हा डॉक्टरांना पुष्कळ काही सांगून जाते.

राजधान्या पाठ असल्या म्हणजे स्मरणशक्ती शाबूत आहे, हा समज फार पसरलेला आहे आणि तो महागात पडतो. त्यापायी रुग्ण दोन-दोन, तीन-तीन वर्षे उशिरा येतात. तोवर बँकेचे व्यवहार बिघडलेले असतात, गॅस दोनदा उघडा राहिलेला असतो, एखाद्या संध्याकाळी बाबा ओळखीच्या रस्त्यावर चुकलेले असतात.

स्मृती ही एकच मोठी पेटी नव्हे. एन्डेल टल्विंग या मानसशास्त्रज्ञाने १९७२ मध्ये तिचे दोन वेगळे कप्पे दाखवून दिले. एक जगाविषयीच्या माहितीचा : नाईल आफ्रिकेत आहे, फ्रेंच राज्यक्रांती १७८९ ची. हे आपण कधी आणि कुठे शिकलो ते आठवत नाही, आठवण्याची गरजही नसते. दुसरा कप्पा स्वतःच्या आयुष्यातल्या घटनांचा : काल कोण भेटले, सकाळी गोळी घेतली की नाही. नवी घटना मनात पक्की करण्याचे काम मेंदूच्या आतल्या बाजूचा हिप्पोकॅम्पस नावाचा भाग करतो आणि अल्झायमरच्या आजाराचा पहिला घाव बहुतेकदा तिथे आणि त्याच्या शेजारी बसतो. शाळेत घोकलेल्या राजधान्या तोवर मेंदूच्या इतर भागांत पसरून मुरलेल्या असतात, त्यामुळे त्या बराच काळ टिकतात. नवे आधी जाते, जुने मागाहून, हे फ्रान्सच्या थिओड्यूल रिबो यांनी १८८१ मध्येच लिहून ठेवले होते.

म्हणूनच देशांची प्रश्नमंजुषा घ्यायचीच असेल तर नकाशा कुठल्या सालचा आहे तेही पाहावे. जर्मनी १९९० मध्ये एक झाला, सोव्हिएत संघ १९९१ मध्ये मोडला, चेकोस्लोव्हाकियाचे १ जानेवारी १९९३ ला दोन देश झाले, दक्षिण सुदान २०११ मध्ये जन्माला आला. कझाकस्तानच्या राजधानीचे नाव तर २०१९ मध्ये बदलून नूर-सुलतान झाले आणि २०२२ मध्ये पुन्हा अस्ताना. आता कुणी ‘पश्चिम जर्मनीची राजधानी बॉन’ म्हणाले तर लगेच घाबरू नका. आपल्यापैकी कित्येकांचा नकाशा दहावीच्या पुस्तकापाशीच थांबलेला असतो आणि तो काही आजार नाही. पण जो माणूस काल-परवापर्यंत वर्तमानपत्र शेवटच्या पानापर्यंत वाचत होता आणि नव्या घडामोडींवर वाद घालत होता, त्याचा नकाशा अलीकडे थांबला असेल, तर ती दखल घेण्याजोगी गोष्ट आहे. तुलना शेजाऱ्याशी नको. त्याच माणसाच्या पूर्वीच्या रूपाशी करावी.

आमच्या चाचण्यांतही इतिहास-राजकारण असतेच. ब्रिटनमधले डॉक्टर हॉडकिन्सन यांनी १९७२ मध्ये वृद्धांसाठी दहा प्रश्नांची एक छोटी चाचणी मांडली. त्यात पहिल्या महायुद्धाचे वर्ष आणि सध्या गादीवर कोण, हेही विचारलेले होते. गंमत अशी की या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर पुढची पन्नास वर्षे बदललेच नाही. एलिझाबेथ हे नाव जुन्या साठ्यातून सहज बाहेर येई. ८ सप्टेंबर २०२२ नंतर तोच प्रश्न एकदम अवघड झाला, कारण आता त्याला नव्याने शिकलेले उत्तर लागते. आपल्याकडे ‘पंतप्रधान कोण?’ या प्रश्नाला एखाद्या आजी ठामपणे ‘इंदिरा गांधी’ म्हणतात, तेव्हा नेमके हेच झालेले असू शकते.

मात्र असले प्रश्न सगळ्यांना सरसकट विचारणे मला पटत नाही. ज्या बाईने शाळेचा उंबरा पाहिला नाही तिला महायुद्धाचे साल विचारून आपण तिची स्मृती नव्हे, तिच्या बापाची ऐपत तपासत असतो. हरियाणातल्या बल्लभगडमध्ये संशोधकांना हीच अडचण आली. जगभर वापरली जाणारी, १९७५ सालची तीस गुणांची चाचणी तिथल्या निरक्षर वृद्धांना लावता येईना, म्हणून १९९५ मध्ये तिचे हिंदी रूप प्रसिद्ध झाले. शंभरातून सात-सात वजा करण्याऐवजी वीसातून तीन-तीन. वाक्य लिहिण्याऐवजी आपल्या घराबद्दल काहीतरी सांगणे. मीही खेड्यातून आलेल्या आजींना विचारतो, संक्रांत होऊन गेली की यायची आहे? तुमच्याकडे आठवडी बाजार कोणत्या वारी? सध्या सरपंच कोण? यात वेळ, ठिकाण आणि राजकारण तिन्ही आले.

याच्या अगदी उलट दिसणारा, तुलनेने विरळ आजारही आहे : सिमँटिक डिमेन्शिया. त्यात कालचे जेवण आठवते, पण ‘इजिप्त म्हणजे काय?’ असा प्रश्न पडू लागतो. शब्द राहतो, अर्थ निघून जातो. इथे कानशिलामागचा मेंदूचा भाग आधी झिजतो.

आणि ज्यांना नाव ओठांवर येऊन अडते, दहा मिनिटांनी भाजी निवडताना अचानक आठवते, त्यांनी निश्चिंत असावे. माहिती आत आहे, दार जरा कुरकुरते आहे इतकेच. वयानुसार ते होतेच.

मग प्रश्नमंजुषा सोडवण्याचा उपयोग काय? शिकण्यासाठी भरपूर. रोडिगर आणि कार्पिके यांनी २००६ मध्ये विद्यार्थ्यांना उतारे दिले. काहींनी ते दोनदा वाचले, काहींनी एकदा वाचून मग आठवून लिहिले. आठवड्यानंतर आठवून लिहिणाऱ्यांना सुमारे ५६ टक्के मजकूर सांगता आला, नुसते दोनदा वाचणाऱ्यांना ४२ टक्के. चुकण्याचाही फायदा असतो. ऑस्ट्रेलियाची राजधानी ‘सिडनी’ असे छातीठोकपणे सांगून तोंडघशी पडलेला माणूस कॅनबेरा सहसा विसरत नाही. परीक्षेला बसणाऱ्या नातवंडांना हे जरूर सांगा.

पण रोज राजधान्या घोकल्याने डिमेन्शिया टळतो, असा दावा मी करणार नाही. प्रश्नमंजुषेचा सराव केला की माणूस प्रश्नमंजुषेत तरबेज होतो, एवढे नक्की. लॅन्सेट आयोगाच्या २०२४ च्या अहवालाने टाळता येण्याजोगी जी चौदा कारणे मोजली, त्यांत उच्च रक्तदाब, मधुमेह, धूम्रपान, एकटेपणा आणि कमी ऐकू येणे आहे. आपल्याकडे चष्मा लगेच होतो. श्रवणयंत्राचे नाव काढले की घरात भांडण होते.

विसरणे वाढले तर ‘वय झालं’ म्हणून सोडू नका. बी-१२ जीवनसत्त्वाची कमतरता, थायरॉईडचे बिघाड, नैराश्य, झोपेच्या गोळ्या आणि पडल्यावर कवटीच्या आत हळूहळू साचलेले रक्त, यांनीही हुबेहूब असेच होते आणि त्यांवर उपचार आहेत. गोंधळ एक-दोन दिवसांतच सुरू झाला असेल, माणूस असंबद्ध बोलत असेल, तर तो डिमेन्शिया नसून संसर्ग किंवा रक्तातले सोडियम उतरणे असू शकते. त्याच दिवशी रुग्णालय गाठा. एरवी तपासणीला येताना चालू असलेल्या सगळ्या औषधांची पाकिटे आणा, आणि सोबत असा माणूस आणा जो त्यांच्याबरोबर एकाच घरात राहतो. फोनवर आठवड्यातून एकदा बोलणाऱ्या मुलाला राजधान्याच ऐकू येतात.